उसने विरजण

औंधच्या शिकारखान्यासाठी शिशाच्या गोळ्या ओतणारे कुतुबुद्दीन शिकलगार. त्यांचे चिरंजीव बाबालाल, ज्यांनी खांद्यावर भाता टाकून खटावपासून कऱ्हाडपर्यंतच्या घराघरांतल्या तांब्यापितळेला कल्हई केली. बाबालाल यांचे मोहिद्दीन, ज्यांनी मलकापुरात पुणे-बेंगळूर रस्त्याच्या कडेला जुन्या बॅटऱ्या वितळवण्याची पहिली भट्टी घातली. आणि मोहिद्दीन यांची एकुलती एक मुलगी रहिमतबी. तीन पिढ्या धातू ओतत आलेल्या या घरात मुलगा जन्मला नाही, म्हणून काही भट्टी विझली नाही. रहिमतबीने नवऱ्याला मलकापुरात आणून नांदवले, त्याच्या माघारी भट्टीचा कारखाना केला, आणि कमरेचा किल्ल्यांचा जुडगा अजून कोणाच्या हाती दिलेला नव्हता. तो जुडगा वाजत नसे. इतर बायकांच्या किल्ल्या खुळखुळतात. हिच्या किल्ल्या चालताना दबक्या आवाजात ठकठकत, कारण त्यांच्यामध्ये मेणकापडात शिवलेली शिशाची एक अंगठ्याएवढी कांडी होती. ती कशाची, हे घरात कोणी विचारले नव्हते. रहिमतबीला काही विचारायचे तर आधी तिने विचारू द्यावे लागे.

त्या दुपारी सांगलीत, विश्रामबागेतल्या तिच्या चौथ्या मजल्यावरच्या घरात वीज गेली. इन्व्हर्टरने एकदा टक् असा आवाज केला, पंख्याला कसेबसे दोन फेरे दिले आणि मान टाकली. एवढेच घडले. दुसऱ्या कोणाच्या घरी हे घडले असते, तर फोन करून नवी बॅटरी मागवली गेली असती. पण रहिमतबी आरामखुर्चीत तशीच पडून राहिली आणि पंख्याची पाती एकेक करून वेगळी होताना पाहत राहिली. फिरताना जो एक धूसर गोल होता त्याची तीन पाती झाली, आणि तिसरे पाते थांबले तेव्हा इतकी शांतता झाली की तिला आपल्याच कानातले रक्त ऐकू आले. जिचे घर लोकांच्या मेलेल्या बॅटऱ्यांवर उभे राहिले, तिच्याच घरातली बॅटरी मेली होती. तिला हसू आले. मग हसू कुठेतरी अडकले. शिसे मरत नाही, हे तिला तिच्या बापाने शिकवले होते. लोखंड गंजते, लाकडाला वाळवी लागते, माणसाचे काय होते ते सगळे जाणतात. पण बॅटरी फोडा, प्लेटा काढा, कढईत घाला, मळी वर काढून टाका, खाली पुन्हा तेच शिसे, आरशासारखे, जसे काही त्याला कधी कोणी वापरलेच नव्हते. त्याची लगड होते, लगडीची प्लेट, प्लेटेची बॅटरी, आणि बॅटरी चार-पाच वर्षांनी फिरून दारात. मग या कोपऱ्यातल्या मेलेल्या पेटीतही थोडे मलकापूरचे शिसे असेल. त्यात थोडे पहिल्या कढईतले असेल. आणि त्यात, अगदी तळाशी, अक्षरे असतील.

अक्षरे. हा शब्द तिला टोचला, आणि टोचला तिथेच राहिला.

पहिली कढई मांडली तेव्हा ती अकरा वर्षांची होती, परकर पोलक्यातली. अब्बांनी चुलाण बांधले, कढई चढवली, ट्रकवाल्यांकडून गोळा केलेल्या बॅटऱ्या फोडल्या, तेजाब नाल्यात ओतले (त्या काळी सगळे तेच करीत, आणि नाल्याकाठचे गवत पिवळे का पडते ते कोणी विचारीत नसे) आणि प्लेटा कोरड्या कढईत टाकल्या. त्या वितळेनात. धुरल्या, काळवंडल्या, त्यांची राख झाली. दुसऱ्या दिवशी तेच. अब्बा डोक्याला हात लावून बसले, तेव्हा अम्मी स्वयंपाकघरातून म्हणाली, "विरजणाबिगर दही लागतंय व्हय? तुमच्या कढईत आधी थोडं पातळ शिसं पायजे. ते वरच्याला वितळवंल." अम्मीने भट्टी कधी पाहिली नव्हती, पण दह्याचे तिला सगळे ठाऊक होते. आणि ती बरोबर होती: कढईच्या तळाशी वितळलेल्या शिशाचे एक तळे असावे लागते, मग कोरड्या प्लेटा त्यात उतरतात, भिजतात, विरघळतात. भट्टीवाल्यांत त्याला तेव्हापासून विरजणच म्हणतात. निदान रहिमतबीच्या भट्टीत तरी. पण विरजणाला शिसे आणायचे कुठून? रोख पैसा नव्हता, आणि कल्हईवाल्याच्या पोराला उधार कोण देणार?

दिले ते नेमगोंडा अण्णांनी. कऱ्हाडात सोमवार पेठेत त्यांचा छापखाना होता, लग्नपत्रिका आणि कुस्त्यांच्या मैदानांची पत्रके छापणारा. रहिमतबीला तो दिवस आठवतो तो वासाने: शाईचा, रॉकेलचा, आणि शेजारी अण्णांच्या घरात शिजणाऱ्या मुगाच्या वरणाचा. भिंतीला लाकडी केसा, म्हणजे अक्षरांचे उथळ ट्रे, लावलेल्या, प्रत्येक केसमध्ये खणच खण, आणि खणाखणांत शिशाचे खिळे, प्रत्येकाच्या डोक्यावर एक उलटे अक्षर. अण्णांनी मथळ्याच्या मोठ्या अक्षरांची एक केस खाली उतरवली. अक्षरे झिजली होती. जंगी मैदान, जंगी मैदान असे किती वर्षे ओरडायचे त्यांनी? "ने रं मोहिद्दीन," अण्णा म्हणाले. "पर शिसं म्हणून नगं आणूस माघारी. शिशाचं मी काय करू? खिळेच दे. ही केस रिकामी ठेवतो भिताडाला. ज्या दिवशी भरशील त्या दिवशी फिटलं." अब्बांनी गळ्याला हात लावून शब्द दिला. अण्णांची मुलगी विजयमाला तिच्याच वयाची. ती दारात उभी राहून वेणीचे टोक चावत होती आणि रहिमतकडे पाहत होती, जसे काही रहिमतच तिची अक्षरे घेऊन चालली होती.

त्या संध्याकाळी अब्बांनी पोते कढईत रिकामे करण्याआधी रहिमतने आत हात घातला. का घातला? आरामखुर्चीत पडल्या पडल्या तिने स्वतःला हे असंख्य वेळा विचारले होते. ती नुकतीच वाचायला शिकली होती, आणि पोत्यातले एकही अक्षर तिला वाचता येईना. सगळी पाठमोरी, सगळी तोंड फिरवून बसलेली. फक्त एक अक्षर तिच्याकडे बघत होते. ळ. दोन डोळे, मध्ये नाक. ते उलटे केले तरी जवळजवळ तेच राहत होते. तिने ते मुठीत धरले. बाकीची कढईत पडली. प्रथम ती नुसतीच बसली होती, मग त्यांच्या कडा ओल्या झाल्या, काने-मात्रा वाकल्या, आणि मग एकाएकी अक्षरे नव्हती. फक्त एक चकचकीत तळे होते, आणि त्यात अब्बांचा चेहरा, आणि त्यावरून जाणारा धूर. कोरड्या प्लेटा त्यात उतरल्या. भट्टी लागली. अब्बा रडले. त्या तळ्यातले थोडे शिसे दर उतारीला, म्हणजे लगडी ओतून काढताना, कढईत मागे ठेवायचे, कढई कधी कोरडी होऊ द्यायची नाही, हा भट्टीचा नेम झाला, आणि तो अब्बांच्या माघारीही चालला. अब्बांचे मनगट पुढे लुळे पडले, हिरड्यांवर निळी रेघ आली. पाळी सुटली की सगळ्यांबरोबर गुळाचा खडा तोंडात टाकत आणि म्हणत, गूळ सगळं उतरवतो. गुळाने काही उतरले नाही. म्हणूनच आज रहिमतबीच्या भट्टीत तोंडाला फडके बांधून चालत नाही, नीट मुखवटा लागतो. हात धुतल्याशिवाय कोणी चहाला शिवत नाही. आणि ज्याच्या रक्तात शिसे चढले त्याला ती भट्टीवरून उठवून वजनकाट्यावर बसवते, पगार तोच ठेवून.

केस मात्र भरली गेली नाही. आधी पैसा नव्हता. पैसा आला तेव्हा अण्णा गेले होते. मग छापखाने बंद पडले, खिळे भंगारात किलोने विकले गेले, त्यांतली कित्येक पोती तिच्याच भट्टीत आली, आणि खिळे परत द्यायचे म्हणजे काय द्यायचे हेच जगातून नाहीसे झाले. असे कर्ज, की ज्याचे चलनच बुडाले. लोक म्हणतील, सुटलीस. ती सुटली नव्हती. अम्मीचा स्वयंपाकघरातला एक नेम होता: उसन्या विरजणाचे दही आपण खावे, पण ते विरजण आधी फेडल्याशिवाय त्यातले दुसऱ्या घरी लावू नये. लावले तर ते दही नासत नाही, पण ते आपले होत नाही. आणि आता दुसरे घर तयार झाले होते.

"दादी, झोपलीस?" सुमैरा आत आली. मुलाची मुलगी, धातूंचेच शिक्षण घेतलेली, आणि घरात एकटीच अशी जी रहिमतबीला आधी विचारून मग विचारीत नसे. "बॅटरी गेली ना? मी सांगितलं होतं तुला. चांभाराच्या पायात जोडे नाहीत तसं…"

"असलं बोलू नकोस. काय काम काढलंस?"

"उद्याचं. नव्या कढईला मलकापूरहून विरजण आणायचंय. गाडी किती वाजता पाठवू?"

सांगलीच्या बाहेर, औद्योगिक वसाहतीत नवे युनिट उभे होते. बॅटरी फोडायला बंद यंत्र, तेजाबाला टाक्या, धूर गाळायला पिशव्यांची उंच खोली, प्लास्टिक धुऊन वेगळे. मलकापूरची भट्टी या पावसाळ्याआधी कायमची विझायची होती. तिच्याभोवती आता घरे आली होती, शाळा आली होती, आणि ते रहिमतबीलाच आधी पटले होते. जुन्या कढईतले शेवटचे शिसे नव्या कढईत जायचे. जुनी विझली आणि नवीत विरजण गेले नसले, तर अब्बांचे तळे तिथेच आटले.

"गाडी पाठवू नकोस," रहिमतबी म्हणाली.

"म्हणजे?"

"ते विरजण उसनं आहे. फेडल्याशिवाय हलवायचं नाही."

सुमैरा तिच्या पायाशी बसली. सगळे ऐकून घेतल्यावर तिने शहाण्या माणसासारखे सुचवले, "मग बाजारातून लगडी आणू. नव्या कढईला नवं शिसं."

"दही दुकानातून आणतात तसं?"

"आणतोच की दादी आपण. फ्रिजमध्ये बघ."

वाद वाढू लागला की रहिमतबी तो हुकमाने संपवी. "पुण्यात कोणीतरी खिळे ओतत असेल अजून. शोध. माझ्या डोळ्यांदेखत ओतायचे. आणि शिसं आपलं."

सुमैराने शोधले. एका म्हाताऱ्या ओतकाराकडे यंत्र निघाले, अक्षरांचे साचे, म्हणजे मातृका, निघाल्या, आणि हौसेने जुन्या पद्धतीची छपाई करणारी काही पोरे त्याच्याकडे येत, म्हणून ते यंत्र अजून तेलात होते. त्याने सांगितले की नुसते शिसे चालणार नाही, अक्षराची धार टिकायला अँटिमनी हवे आणि कथील हवे. अँटिमनी जुन्या बॅटऱ्यांच्या जाळ्यांतच होते. कथलाच्या कांड्या रहिमतबीने मलकापूरच्या माळ्यावरून काढल्या. आजा बाबालाल यांच्या कल्हईच्या पेटीत त्या अजून कापडात गुंडाळून होत्या. आणि शिशाचे काम तर पणजा कुतुबुद्दीन यांच्यापासून घराण्याचे. यंत्रातून पहिला खिळा गरम गरम बाहेर पडला तेव्हा तिने तो फडक्यात झेलला आणि बराच वेळ सोडला नाही. तिला वाटले, तीन पुरुष एकाच वेळी एका अक्षरात येऊन बसले आहेत आणि अंग चोरून एकमेकांना जागा करून देत आहेत.

मग तो प्रवास. साईराज गाडी चालवत होता, डिकीत खिळ्यांच्या पेट्या, आणि ती मागे एकटी. सुमैराला तिने येऊ दिले नव्हते. उसाचे ट्रॅक्टर वाटेत आडवे येत, त्यांच्यामागे गाडी रेंगाळे, आणि तिच्या डोळ्यांपुढे ऊस नसून केसेचे खण उभे राहत, हिरवे, उंच, रिकामे. पेठ नाक्याला महामार्ग लागला. ती कमरेचा जुडगा चाचपत होती. नव्या खिळ्यांत ळसुद्धा होते, भरपूर ओतले होते. कऱ्हाडकडच्या माणसाला ळ लागतोच. मग जुडग्यातला हा जुना ळ कशाला द्यायचा? हा काही मोजणीतला नव्हता. हा तर तिने कढईपासून वाचवला होता. तिच्याशिवाय आज तो कुठल्या तरी ट्रकच्या बॅटरीत असता. लग्नात तो तिच्या मुठीत होता. बाळंतपणात उशाखाली होता. शिशाचे दोष कळल्यावर तिने स्वतःच तो मेणकापडात शिवला, पोराबाळांचा हात लागू नये म्हणून, आणि तरी दूर केला नाही. अण्णांना शिसे नको होते, खिळे हवे होते. खिळे ती घेऊन चालली होती, तोलून मापून, वर थोडे जास्तच. हिशेब चोख होता. तिने स्वतःला हे सांगितले, आणि खिडकीबाहेर ट्रॅक्टरच्या मागच्या चाकाने ऐकून घेतले, असे तिला वाटले.

"आजी, पेठेत गाडी शिरंना," साईराज म्हणाला. "हितंच लावू व्हय? पेट्या मी आणतो, तुमी चला फुडं."

विजयमाला दारातच उभी होती. वेणी आता पांढरी आणि बोटभर राहिली होती; लग्न तिने केले नव्हते, छापखाना बंद पडेपर्यंत तीच चालवीत होती.

"रहिमे," ती म्हणाली, "केवढी जाड झालीस गं."

"आणि तू वाळून बोंबील झालीस."

"अगं गप! आमच्या जैनांच्या दारात बोंबलाचं नाव काढतीस? आत ये."

आत यंत्रे नव्हती. भिंतीवर फक्त ती एक केस होती. अण्णांनी सांगितल्याप्रमाणे तिथेच. पण रिकामी नव्हती. खणाखणांतून जिरे, मोहरी, लवंगा, वेलदोडे भरलेले होते.

"जिरं ज मधे, मव्हरी म मधे," विजयमाला अभिमानाने म्हणाली. "लवंग च मधे पडती, का ते मला बी म्हाईत न्हाई. अंधारात सुदिक हात बरोबर जातो."

रहिमतबी हादरली. "विजे! त्या लाकडात शिसं मुरलंय. खिळ्यांची धूळ आहे त्यात. आणि तू त्यातलं जिरं खातेस?"

"इतकी वर्सं खाल्लं. मेले का?"

"मी माणसांचं रक्त तपासते दर तीन महिन्यांनी, आणि तू… ओत सगळं बाहेर. आत्ता. आणि उद्या माझ्या डॉक्टरकडे यायचं तुझं रक्त द्यायला. गाडी पाठवते."

"अजून बी तशीच हायेस," विजयमाला म्हणाली, पण केस खाली घेतली.

जिरे-मोहरी कागदावर ओतून बाहेर टाकली गेली. केस पुसली. मग दोघी जमिनीवर समोरासमोर बसल्या आणि भरू लागल्या. हातमोजे रहिमतबीने आणले होते; विजयमालाने ते घातले आणि लगेच काढले, म्हणाली, बोटांना दिसत नाही. ती प्रत्येक खिळा डोक्याकडून चाचपून खणात टाकी, एकदाही न पाहता. खिळे पडताना किंचित नाद होई, ओल्या मातीवर टपोरे थेंब पडावेत तसा. मोहिद्दीन, नेमगोंडा, अम्मी, अशी माणसे येऊन भिंतीला टेकून उभी राहिली आहेत असे रहिमतबीला वाटत होते. त्यांच्या अंगांना शाईचा आणि रॉकेलचा वास होता. खण भरत गेले. ऊन खिडकीतून सरकत अक्षरांवर आले आणि अक्षरे पेटल्यासारखी झाली, वितळण्याच्या आधी होतात तशी; पण वितळली नाहीत.

"झालं," विजयमाला म्हणाली. "भरली. फिटलं गं तुजं. अण्णा आता निवांत झोपतील. लाव जा तुजी नवी कढई."

रहिमतबी उठली नाही. उठायला हरकत नव्हती. साईराज दारात उभा होता, सांगलीला सुमैरा वाट पाहत होती, केस काठोकाठ भरली होती आणि जिचे देणे तिने तोंडाने फिटले म्हटले होते. रहिमतबीने आयुष्यात कोणाचे काही ठेवले नव्हते; हे ती सगळ्यांना ऐकवीत आली होती, आणि ते ऐकवताना तिचा हात नेहमी कमरेवर असे. आताही तो तिथेच होता. मेणकापडाखाली ते दोन डोळे आणि नाक तिला बोटाने ओळखू येत होते. पोत्यातले तेवढे एकच तोंड तिच्याकडे वळलेले होते. ते दिल्यावर तिच्याकडे पाहणारे कोण उरेल, असा एक पोरकट प्रश्न तिच्या मनात आला, आणि तो अकरा वर्षांच्या आवाजात आला.

"कात्री दे," ती म्हणाली.

विजयमालाने कात्री दिली. रहिमतबीने मेणकापडाची शिवण उसवली. खिळा काळा पडला होता, कडा मऊ झाल्या होत्या, पण अक्षर होते. तिने हात लांब करून तो विजयमालाच्या तळव्यावर ठेवला.

विजयमालाचा अंगठा त्यावरून एकदा फिरला. मग ती थांबली. पुन्हा फिरला, हळू, जसा एखाद्या झोपलेल्याच्या कपाळावरून फिरवावा.

"ह्यो आमचा," ती म्हणाली. "अण्णांच्या हातचा झिजलेला." रहिमतबीकडे न पाहता तिने ळ च्या खणातले नवे खिळे बोटाने बाजूला केले, मध्ये जागा केली आणि तो तिथे उभा केला. मग केस उचलून दोघींनी भिंतीला लावली, त्याच खुंट्यांवर. विजयमाला आत गेली आणि रिकाम्या पेटीत ठेवायला गुळाचा एक बंद डबा घेऊन आली. "मोकळी पेटी धाडायची न्हाई. आणि भिऊ नगंस, गूळ डब्यातला हाय."

रहिमतबी दाराबाहेर पडली. पायऱ्या उतरताना तिच्या कमरेला काहीतरी खुळखुळले, लख्ख, एखाद्या नव्या सुनेच्या किल्ल्यांसारखे. तिने दचकून मागे पाहिले, कोण आले ते.